तोंड वर ठेवलेले तीन क्यूब

काँक्रीटचे तीन क्यूब मी चुकीच्या बाजूने फोडले आणि दोष दुसऱ्याच्या हाताला लावला. माझा गुन्हा एका वाक्यात सांगून होतो, म्हणून तो लहान वाटतो. मलाही पुष्कळ वर्षं तो तसा वाटून घ्यायचा होता.

भिवंडीहून वाड्याला जाऊन पुढे डोंगरात शिरलं की एका ठिकाणी नदी दोन कड्यांच्या मध्ये अरुंद होते. या शतकाच्या सुरुवातीच्या वर्षांत तिथे मोठं धरण बांधलं जात होतं. मी तेव्हा सत्तावीस वर्षांचा होतो, डिप्लोमा झालेला, आणि धरणावर काँक्रीट तपासण्याच्या लॅबमध्ये नोकरीला लागलो होतो. शनिवारी दुपारच्या गाडीने भिवंडीला घरी यायचं, सोमवारी सकाळी परत. मधले दिवस पत्र्याच्या खोलीत.

धरण एकसंध ओतत नाहीत. ते ब्लॉकमध्ये वाढतं, एकेका ब्लॉकवर थर चढत जातो. काँक्रीट तापू नये म्हणून त्यात बर्फ घालायचे, त्यासाठी साइटवर बर्फाचा कारखानाच होता, आणि एप्रिल-मेमध्ये कामगार त्याचे तुकडे फडक्यात बांधून डोक्यावर ठेवून फिरायचे. बायका काँक्रीटवर पसरलेल्या गोणपाटांवर दिवसभर पाणी मारायच्या. कामगारांच्या कॉलनीत ओडियांच्या खोल्यांची लाइन वेगळी, तेलुगूंची वेगळी, बिहारींची वेगळी, आणि अगदी टोकाला आमच्या ठाणे जिल्ह्याची आठ-दहा घरं. तिथल्या एका घरात मी जेवायचो.

ते घर मामांचं. नात्याने माझे कोणी नव्हते, पण साइटवर सगळेच त्यांना मामा म्हणत आणि त्यांच्या बायकोला मामी. मामा मूळचे भिवंडीच्या निजामपुऱ्यातले, वीस-बावीस वर्षं कापडाच्या लूमवर काढलेले. वीज दिवसातून कितीतरी तास जाऊ लागली तसे मालकाने लूम भंगारात विकले आणि मामा रिकामे झाले. मामींचा थोरला भाऊ धरणावर मुकादम होता. त्याने बहिणीच्या नवऱ्याला आणलं आणि लॅबच्या साहेबांना सांगितलं, "आमचे दाजी हायेत. फावड्याला नका लावू त्यांना, लूमवरचा मानूस हाय, हात बारीक हाय त्यांचा. माझ्या शब्दावर ठेवा." त्या शब्दावर मामांना क्यूब भरण्याचं काम मिळालं.

क्यूब म्हणजे काय ते सांगतो, कारण त्याशिवाय माझी चूक समजायची नाही. ब्लॉकवर ओतायला आलेल्या काँक्रीटमधून थोडं बाजूला घ्यायचं, मोठी खडी चाळून काढायची आणि उरलेलं लोखंडी साच्यात भरायचं. साचा वीतभर लांब, तेवढाच रुंद, तेवढाच उंच. तीन थरांत भरायचं, आणि प्रत्येक थराला लोखंडी सळईने पस्तीस ठोके. वरून थापीने सारखं करायचं. ओलं असतानाच त्यावर खिळ्याने ब्लॉकचा नंबर आणि तारीख कोरायची. दुसऱ्या दिवशी साचा उघडला की दगडासारखा चौकोनी ठोकळा निघतो, तो अठ्ठावीस दिवस पाण्याच्या टाकीत. मग मशिनमध्ये ठेवून फोडायचा आणि किती भाराला फुटला ते लिहायचं. त्या आकड्यावर ब्लॉक पास किंवा नापास.

साच्याच्या पत्र्याला लागलेल्या बाजू आरशासारख्या सपाट असतात. थापीने सारखी केलेली वरची बाजू कितीही निगुतीने केली तरी थोडी खडबडीत राहते. तिला साइटवर तोंड म्हणत. फोडताना तोंड बाजूला ठेवायचं, कधीही वर नाही. वर ठेवलं तर भार सगळीकडे सारखा बसत नाही आणि चांगला क्यूबही लवकर फुटतो. पहिल्याच आठवड्यात शिकवतात हे.

मामा ठोके मोठ्याने मोजायचे. लूमवर कोणी बोललेलं ऐकू येत नाही, म्हणून त्यांना स्वतःचा आवाज ऐकायची हौस होती असं मामी म्हणायच्या. कोणी मध्येच बोलायला आलं तर ते हात वर करून त्याला थांबवायचे, आणि आकडा चुकलाच तर साचा ओतून पुन्हा पहिल्यापासून भरायचे. ब्लॉकवरचे लोक चिडवायचे, "मामा, पस्तीसच्या जागी चौतीस मारले तर धरण फुटंल काय?" मामा म्हणायचे, "धरण न्हाय फुटायचं. मना झोप न्हाय यायची."

त्या शनिवारी मला भिवंडीला लवकर पोचायचं होतं. दुसऱ्या दिवशी कल्याणला मुलगी बघायला जायचं होतं आणि धामणकर नाक्यावरच्या शिंप्याकडे माझा नवा शर्ट शिवून पडला होता. शिंपी सातला दुकान बंद करायचा. गाडी तीनला सुटणार होती. अडीच वाजता आठवलं की एका ब्लॉकचे तीन क्यूब आजच फोडायचे आहेत, अठ्ठावीस दिवस आजच भरले होते.

मदतनीस सुटीवर होता. टाकीत हात घालून एकेक क्यूब काढला. नंबर तोंडावर कोरलेला असतो. तोंड वर असलं की नंबर सरळ वाचता येतो आणि वहीत उतरवता येतो. तसेच ठेवले मी ते मशिनमध्ये, तोंड वर करून. एक फुटला, दुसरा फुटला, तिसरा फुटला. आकडा हवा होता त्याच्या पाऊणपटसुद्धा नव्हता. तिसऱ्याचे तुकडे ब्रशने झाडत होतो तेव्हा वरच्या तुकड्यावर मामांनी कोरलेली तारीख माझ्याकडे सरळ बघत होती. मला तेव्हाच कळलं.

बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. मी तुकडे ढिगावर टाकले, आकडे होते तसे लिहिले आणि पळालो. शर्ट मिळाला. त्या स्थळाचं पुढे काही झालं नाही.

सोमवारी साहेबांनी वही उघडली आणि मला बोलावलं. साहेब कडक होते, पण वाईट माणूस नव्हते. "तिन्ही कमी? टेस्टिंग नीट केलंस ना?"

मी म्हणालो, "हो सर." इथवर थांबलो असतो तरी एक वेळ चाललं असतं. पुढे मीच म्हणालो, "कास्टिंगला, म्हणजे भरतानाच, हात कमी पडला असेल."

हे मी ठरवून बोललो नव्हतो. ते वाक्य कुठून आलं मला आजही कळत नाही, पण आलं माझ्याच तोंडातून, आणि आल्यावर मला बरं वाटलं. हे बरं वाटणं मी विसरलेलो नाही.

साहेबांनी तो ब्लॉक थांबवला. काँक्रीट खरंच कच्चं आहे का, हे पाहायला त्यातून नळीने गोल तुकडे कापून काढायचं ठरलं. मशीन यायला, कापायला, तपासायला मिळून दहा-बारा दिवस गेले. त्या ब्लॉकवर मुकादमाची टोळी होती. काम बंद म्हणून त्यांची हजेरी बंद. ती माणसं कॉलनीत पत्ते कुटत बसली आणि येता-जाता मामांना बोलू लागली.

"मामा, क्यूब भरला की इडली केली?"

"मामा, त्या बारीक हातानं आता भजी तळा, मामीला मदत होईल."

मामा पहिले दोन दिवस हसले. मग नाही. मुकादम मात्र हसतच नव्हता. एका दुपारी तो जेवायला म्हणून आला आणि उभ्यानेच बहिणीला म्हणाला, "तुज्या नवऱ्यानं नाक कापलं माजं. शब्द टाकला होता मी."

मामी म्हणाल्या, "दादा, मोजून मारल्यात त्यांनी. रोज मोजतात."

"मग काय हवेनं फुटले क्यूब?"

मी ताटावर होतो. तांदळाची भाकरी आणि सुकटाचं कालवण. मामांनी माझ्याकडे पाहिलं. "भाऊ, तू तर बघतोस ना मना मोजताना? सांग की."

मी म्हणालो, "बघतो हो मामा. पण दर वेळी मी थोडाच तिथे असतो."

खोटं काहीच नव्हतं त्यात. मुकादम मान हलवून निघून गेला. मामींनी माझ्या ताटात आणखी एक भाकरी वाढली आणि मी ती खाल्ली.

मला आशा होती की कापून काढलेले तुकडे चांगले निघतील आणि सगळं आपोआप मिटेल. ते चांगले निघाले, हवं होतं त्याहून मजबूत. आणि तिथेच मामांचा निकाल लागला, कारण साहेबांनी सरळ हिशेब केला: "काँक्रीट उत्तम आहे. मग क्यूब का पडले? भरणारा कच्चा." ब्लॉक सुटला. मामांवर शिक्का बसला. मी साहेबांच्या समोरच उभा होतो. तेव्हा तोंड उघडलं असतं तर माझी नोकरी गेली असती, कारण माझ्या वहीवर विसंबून साहेबांनी दहा दिवस काम थांबवलं होतं. मी तोंड उघडलं नाही.

मामांना लॅबमधून काढलं. टोळीत घ्यायला टोळी तयार नव्हती, आणि मुकादमाने तिला समजावलंही नाही. आठवड्याभरात मामांनी सामान बांधलं. निघायच्या सकाळी मामी डबे पुसून पेटीत भरत होत्या. मला म्हणाल्या, "भाऊ, यांचा हात असा न्हाय हो. तुमी सायबाला एकदा सांगून बघा."

"बघतो," मी म्हणालो.

टेम्पो उताराला लागेपर्यंत मी बघत उभा होतो.

धरण झालं. पाणी अडलं, दरवाजे बसले, कॉलनी उठली. कॉलनीचे पत्रे निघाले तिथे आता पाणी आहे. मी भिवंडीला परत आलो आणि दापोड्याच्या बाजूला गोदामांच्या कामांवर काँक्रीट तपासणारा म्हणून लागलो. भातशेती होती तिथे एकामागून एक गोदामं उठत होती आणि त्यांच्या जमिनींना पक्कं काँक्रीट लागत होतं. क्यूब तिथेही फोडायचे असतात. त्यानंतर मी एकही क्यूब तोंड वर करून ठेवलेला नाही, पण हे मी कौतुक म्हणून सांगत नाही.

निजामपुऱ्यातून जायचं टाळायचो. नाक्यावरून रिक्षा तिकडून वळली तर मधेच उतरून चालत जायचो. कुठल्या गल्लीत मामा राहतात ते मला माहीत होतं, म्हणूनच.

मग मुकादम भेटला. आमच्याच गोदामाच्या कामावर त्याची टोळी लागली, त्यातले निम्मे लोक धरणावरचे. मला बघून त्याला आनंद झाला. दोन वर्षं मी रोज त्याच्याबरोबर काम केलं, चहा प्यायलो, आणि त्याने बहिणीचा विषय कधी काढला नाही, मीही नाही. धरण संपून चार-पाच वर्षं झाली असतील. त्या दिवाळीत भाऊबीजेला जमिनीचा एक मोठा भाग ओतायचा होता. टोळी अर्धीच आली होती, पण मुकादम सकाळपासून हजर. मी सहज म्हणालो, "आज तरी घरी थांबायचं. बहिणीकडे जायचं नाही?"

तो काँक्रीट ओतणाऱ्या पाइपाच्या तोंडाशी उभा होता. नजर न हलवता म्हणाला, "बहीण हाय सायेब. पण ये-जा न्हाय. धरणावरनं ती गेली ती गेलीच. भाऊबीजेला मी न्हाय गेलो, रक्षाबंधनाला ती न्हाय आली."

"एवढ्या गोष्टीवरून?"

"एवढी कशी? माज्या शब्दाला किंमत होती तिथं. दाजींनी घालवली. मी तिला बोल्लो, नवऱ्याला एकदा कबूल करायला लाव, मी विसरतो. तर ती बोल्ली, चुकले न्हायत तर कबूल काय करायचं." त्याने पाइप पुढे सरकवायला हात केला. "आता दाजीच बोलतात म्हनं, असंल, हात चुकला असंल माजा. ऐकलं मी कुनाकडनं तरी. पन ही आजून अडून बसली हाय."

काँक्रीट येत राहिलं. मी वहीत वेळ लिहिली आणि ती चुकीची लिहिली.

शुक्रवारी लूमना सुटी असते, मामा घरी सापडतील म्हणून पुढच्या शुक्रवारी मी निजामपुऱ्यात गेलो. सकाळचे दहा वाजले असतील. गल्ली नेहमीपेक्षा शांत होती, इतकी की कुठल्यातरी घरातला कुकर ऐकू येत होता. मामांची खोली तीच होती. मामी खिडकीखालच्या छोट्या मशिनवर कांड्या भरत होत्या, लूमच्या धोट्यात बसतात त्या सुताच्या कांड्या. मामा बाजेवर पेपर वाचत होते. केस पांढरे झाले होते. मला बघून उठले. "अरे, लॅबवाले भाऊ. ये, बस. चहा टाक गं."

मी म्हणालो, "चहा नको. आधी ऐका."

आणि सांगितलं. तीन क्यूब, तोंड वर, गाडी, शर्ट. साहेबांना काय बोललो ते. त्याच दिवशी कळलं होतं, हेही सांगितलं, आणि मुकादम आता माझ्याच कामावर आहे, हेही. मामा ऐकताना पेपरची घडी करत राहिले, छोटी, आणखी छोटी.

"तोंड वर ठेवलं तर किती कमी येतं?" त्यांनी विचारलं.

"बरंच कमी."

"तेवढं कमी येतं?"

"तेवढं येतं मामा."

ते पुन्हा खाली बसले. "मी आता मोजतच न्हाय रे काही," ते म्हणाले. "मोजून काय उपेग, असं झालं होतं मना." रागाने नव्हते बोलले. रागाने बोलले असते तर मला सोपं गेलं असतं. "मना वाटलं शेवटचा थर असंल. जेवनाची वेळ होती त्या दिवशी. मी कितीदा आठवून बघितलाय तो दिवस."

मामींनी मशीन बंद केलं होतं. मी त्यांच्याकडे वळून हात जोडले. "मामी, मला माफ करा."

त्यांनी माझ्या हातांकडे पाहिलंही नाही. "मना न्हाय. मना ठावं होतं. हे चुकले न्हायत हे मना तेव्हाच ठावं होतं, आता तू सांगून मना काय नवीन सांगितलंस?" पहिल्यांदाच त्या मला तू म्हणत होत्या. "माज्या भावाला सांग. घरात बोलावून न्हाय. ज्या मानसांसमोर त्याची मान खाली गेली, त्यांच्यासमोर. इडली बोलनारे हायेत ना आजून त्याच्याकडं? त्यांच्यासमोर. मग माज्याकडं बोल."

"बोलतो," मी म्हणालो.

"बघतो बोलू नको."

"नाही. बोलतो."

मामांनी फोन नंबर एका चिठ्ठीवर लिहून दिला.

शनिवारी दापोड्याला दहाचा चहा झाला. टोळी गोदामाच्या सावलीत सळयांच्या भाऱ्यांवर बसली होती. मी त्यांच्यासमोर जाऊन उभा राहिलो. एकजण म्हणाला, "सायेब, आज उभे का? भाषण हाय काय?"

"आहे," मी म्हणालो.

पाठ करून गेलो होतो, पण तसं काही बोललो नाही. धरणावरचा तो ब्लॉक आठवतो का, असं विचारलं. आठवतो म्हणाले, दहा दिवस हजेरी बुडाली होती कसा विसरू. मी म्हणालो, ती माझ्यामुळे बुडाली. क्यूब चांगले होते, मी तोंड वर ठेवून फोडले. इडली कोणी केली असेल तर मी केली. कोणी हसलं नाही. जो भाषण म्हणाला होता, त्याने ग्लासातला उरलेला चहा मातीवर ओतला.

मुकादम उठून माझ्याजवळ आला. "म्हंजे दाजींचा हात?"

"बरोबर होता."

"आनि तुला ठावं होतं." दोन वर्षं तो मला सायेब म्हणत होता. "कवा ठावं झालं?"

"त्याच दुपारी."

"म्हंजे तू माज्या बहिनीच्या घरी जेवत होतास तवा."

"हो."

मला वाटलं तो मारेल. त्याने हात उचललाही, पण तो स्वतःच्या कपाळावरून फिरवला. मग खिशातून मोबाइल काढला, आणि तसाच हातात धरून उभा राहिला.

"नंबर न्हाय माज्याकडं तिचा," तो म्हणाला.

मी चिठ्ठी काढली आणि माझ्या फोनवरून नंबर लावला. मागे मशिनचा आवाज येत होता, मग तो थांबला.

"मामी," मी म्हणालो, "मी बोलतोय, लॅबवाला. सांगितलं सगळ्यांना. दादा माझ्यासमोरच उभे आहेत. चूक माझी होती, आणि खोटं बोललो तोही मीच. तुमच्या घरी जेवत होतो आणि तुमच्या माणसाचा हात वाईट ठरवत होतो. तुम्ही सांगा म्हणालात तेव्हा मी बघतो म्हणून टाळलं. तुमची इतकी वर्षं मी घेतली, ती मला परत देता येणार नाहीत. मला माफ करा."

त्या काही बोलायच्या आत मी फोन त्यांच्या भावाच्या हातात दिला.